पंतोजी, मास्तर, गुरुजी



एरंडोलचे नाव निघाले की बाहेरच्या माणसाला पद्मालयाचा गणपती आठवतो, पांडवांच्या दंतकथा आठवतात. मला आज याहून साधी आठवण काढावयाची आहे. हे गाव एके काळी कागदाचे गाव होते. जाडाभरडा देशी कागद येथे तयार होई आणि त्याची ख्याती अशी की, इंग्रजी अमदानीत गॅझेटियर लिहिणाऱ्या अधिकाऱ्यांनी तिची मुद्दाम नोंद केली. विसाव्या शतकाच्या आरंभापर्यंत हा धंदा थोडाफार तग धरून होता. सावकाराच्या चोपड्या आणि कुळकर्ण्याचे दप्तर अशाच देशी कागदावर लिहिले जाई. म्हणजे अक्षराला लागणारी सामग्री गावातच होती. परंतु कागद करणाऱ्याच्या मुलाने किंवा रानात कापूस पिकविणाऱ्याच्या मुलीने त्या कागदावर चार ओळी लिहाव्यात, अशी सोय मात्र समाजाने केलेली नव्हती.

ती सोय कशी होत गेली, तिचा इतिहास आज सांगावयाचा आहे. शाळेचा इतिहास आपण बहुधा इमारतींच्या, कायद्यांच्या आणि पटावरील आकड्यांच्या अंगाने सांगतो. मी तो शिक्षकाच्या अंगाने सांगणार आहे. कारण माझे म्हणणे असे की, सार्वजनिक शाळा सरकारी हुकुमाने निघते खरी, पण ती चालते ती शिक्षकाच्या तयारीवर. आणि गेल्या दोनशे वर्षांत पैशाची ओढ पडली की पहिली काटछाट या तयारीवरच झालेली आहे. लोकांनी या माणसाला वेळोवेळी जी नावे दिली, त्यांतच हा इतिहास साठलेला आहे. आधी तो पंतोजी होता, मग मास्तर झाला, पुढे गुरुजी झाला. या तीन नावांच्या वाटेनेच आपण जाऊ.

प्रथम पंतोजी. इंग्रजी राज्य येण्यापूर्वी आपल्याकडे शाळा नव्हत्याच, असे म्हणणे चुकीचे होईल. कोणाच्या ओसरीवर, देवळाच्या मंडपात किंवा धर्मशाळेत पंतोजी शाळा भरवीत असे. मुसलमान मुलांसाठी मशिदीच्या आश्रयाने मकतब असे. मुलगा धूळपाटीवर ओनामा गिरवी, मोडीचा कित्ता वळवी आणि पावकी, निमकी, सवायकी, दीडकी, औटकी घोकून पाठ करी. हा शिक्षणक्रम अगदीच टाकाऊ नव्हता. औटकी पाठ असलेला वाणी बाजारात कागदाला हात न लावता हिशेब करी, हे आपल्या आजोबांनी पाहिलेले आहे. परंतु दोन गोष्टी ध्यानात घ्यावयास हव्यात. एक, ही शाळा ज्याला दप्तर किंवा दुकान सांभाळावयाचे त्याच्या मुलासाठी होती. कुणब्याच्या मुलाला, महारा-मांगाच्या मुलाला आणि कोणत्याही जातीच्या मुलीला तेथे बहुधा स्थान नव्हते. दुसरी, पंतोजी होण्यासाठी कोणती तयारी लागते, हा प्रश्नच कोणी विचारलेला नव्हता. ज्याला अक्षर येते त्याला शिकविता येते, अशी समजूत होती. उरलेले काम छडी करी.

१८१८ साली पेशवाई संपली आणि खानदेश इंग्रजांकडे गेला. कॅप्टन जॉन ब्रिग्ज याने धुळ्यास ठाणे करून कारभार सुरू केला. प्रदेश लुटालुटीने आणि दुष्काळाने ओसाड झालेला होता. नव्या सरकारला आधी बंदोबस्त हवा होता. १८२५ साली औट्रमने भिल्लांची पलटण उभी केली आणि तिचे ठाणे एरंडोलच्या शेजारी, आपल्या धरणगावास झाले. म्हणजे या भागात नवे राज्य प्रथम दिसले ते पलटणीच्या रूपाने.

त्याच सुमारास मुंबईत दुसरी एक तयारी चालली होती. गव्हर्नर एल्फिन्स्टन याच्या आश्रयाखाली १८२२ पासून एक मंडळी शालेय पुस्तके आणि शाळा यांचे काम करीत होती. तीच पुढे बाँबे नेटिव्ह एज्युकेशन सोसायटी म्हणून ओळखली गेली. कॅप्टन जॉर्ज जर्व्हिस तिचा चिटणीस आणि सदाशिव काशीनाथ छत्रे तिचे एतद्देशीय चिटणीस. या मंडळींच्या ध्यानात एक गोष्ट आली की, पुस्तके छापून भागणार नाही. ती शिकविणारा माणूस आधी शिकविला पाहिजे. म्हणून त्यांनी काही तरुण निवडून त्यांना तयार केले आणि १८२६ साली चोवीस शिक्षक बाहेर पडले. त्यांत चौदा मराठीचे व दहा गुजरातीचे होते. निरनिराळ्या जिल्ह्यांत जाऊन त्यांनी सरकारी शाळा सुरू करावयाच्या होत्या. सगळ्या मराठी मुलखाला चौदा माणसे! आकडा लहान आहे. पण आपल्याकडे शिक्षक हा 'घडविण्याचा' विषय आहे, ही कल्पना व्यवहारात आली ती या चोवीस जणांपासून.

यांना जी पद्धत शिकविली, तिची कथा मोठी गमतीची आहे. मोठ्या मुलाने लहान मुलांना शिकवावे आणि एका शिक्षकाने पुष्कळ मुले सांभाळावीत, अशी ती पद्धत. इंग्लंडात तिचा बोलबाला लँकेस्टर व बेल या दोघांच्या नावाने झाला. परंतु यांतला अँड्र्यू बेल हा मद्रासेस अनाथ मुलांच्या शाळेवर अधीक्षक होता. तेथे त्याने देशी शाळांतील मुले वाळूत अक्षरे गिरविताना पाहिली, त्यावरून आपल्या शाळेत प्रयोग केले आणि १७९७ साली लंडनमध्ये त्यावर पुस्तक छापले. म्हणजे आमची धूळपाटी विलायतेची वारी करून, नवे नाव लावून परत आली. तिच्यात गुण होता तो स्वस्ताईचा. सरकारला ती आवडली ती याच कारणाने. आणि हे स्वस्ताईचे आकर्षण पुढे कधी सुटले नाही.

आता मास्तरांचा काळ. १८४० साली शिक्षणाचा कारभार बोर्ड ऑफ एज्युकेशनकडे गेला. युरोपात तोवर शिक्षक तयार करणाऱ्या स्वतंत्र शाळा निघालेल्या होत्या. फ्रान्सने राज्यक्रांतीच्या धामधुमीत, १७९४ साली, अशा शाळेचा ठराव केला आणि तिला 'नॉर्मल' म्हणजे नमुन्याची शाळा असे नाव दिले. तेच नाव आपल्याकडे आले. १८४५ साली मुंबईस एल्फिन्स्टन इन्स्टिट्यूशनमध्ये नॉर्मल वर्ग सुरू झाला आणि त्याची धुरा 'दर्पण'कार बाळशास्त्री जांभेकर यांच्याकडे आली. दुर्दैवाने १८४६ च्या मे महिन्यात बाळशास्त्री ऐन उमेदीत वारले. त्यांच्यामागून ते काम दादोबा पांडुरंग तर्खडकरांनी पाहिले. मराठीचे पहिले वृत्तपत्र काढणारा आणि मराठीचे व्याकरण रचणारा, असे दोन थोर पुरुष खेड्यापाड्यांतील मास्तर तयार करण्याच्या कामाला लागले होते, ही गोष्ट आपण विसरू नये. त्या काळच्या सर्वांत तल्लख बुद्धीला हे काम हलके वाटले नव्हते.

१८५४ साली वुडचा खलिता आला, पुढल्याच वर्षी विद्याखाते स्थापन झाले आणि जिल्ह्यांतून डेप्युटी इन्स्पेक्टर हिंडू लागले. पुण्याचे ट्रेनिंग कॉलेज मराठी मुलखातील मास्तरांचे माहेरघर झाले. कृष्णशास्त्री चिपळूणकर तेथे प्रिन्सिपॉल होते आणि त्यांच्या देखरेखीखाली निघणारे 'मराठी शाळापत्रक' आडगावच्या मास्तरांपर्यंत नवे ज्ञान पोहोचवी. मेजर कँडी याच्या नजरेखालून गेलेली क्रमिक पुस्तके आणि परशुरामतात्या गोडबोल्यांचे १८५४ सालचे 'नवनीत' यांनी सगळ्या शाळांना एक भाषा दिली. खेड्यातला मास्तर पुष्कळदा गावचे पोस्टही सांभाळी. पत्र त्याने वाचून दाखवावयाचे, अर्ज त्याने लिहावयाचा. सरकारचा जरब बसविणारा माणूस पाटील-फौजदार, पण सरकारचा कामास येणारा माणूस मास्तर, असे गावाला वाटू लागले ते या काळात.

या सर्वांचा खर्च कोणी सोसला? येथे आपल्या खानदेशाचा संबंध फार जवळून येतो. १८६१ ते १८६५ या काळात अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तेथला कापूस लँकेशायरला जाईनासा झाला आणि इकडच्या कापसाचे भाव चढले. त्याच दशकात आगगाडी जळगाव-भुसावळच्या बाजूने पुढे सरकली. खानदेशच्या काळ्या जमिनीत पैसा दिसू लागला. १८६३ च्या सुमारास सरकारने शेतसाऱ्याच्या दर रुपयामागे एक आणा लोकल सेस घेण्यास सुरुवात केली आणि १८६९ च्या कायद्याने तो पक्का केला. त्यातला तिसरा हिस्सा शिक्षणाचा, बाकीचा मुख्यतः रस्त्यांचा. एरंडोलची म्युनिसिपालिटी १८६६ ची. तीही याच काळातली. तात्पर्य, गावची शाळा ही सरकारची मेहेरबानी नव्हती. ती शेतकऱ्याच्या आण्यावर उभी होती.

आणि ज्याचा आणा, त्याच्या मुलाला त्या शाळेत काय मिळाले? हा प्रश्न रोखठोक विचारणारा पुरुष म्हणजे जोतीराव फुले. १८८२ साली हंटर कमिशन पुण्यास आले, तेव्हा त्यांनी त्यापुढे लेखी निवेदन केले. रयतेकडून पैसा घ्यावयाचा आणि तो वरच्या वर्गाच्या उच्च शिक्षणावर खर्च करावयाचा, हा अन्याय त्यांनी उघड केला. बारा वर्षांपर्यंत प्राथमिक शिक्षण सक्तीचे करावे, असे सांगितले. पण आज मला त्यांच्या निवेदनातील शिक्षकासंबंधीचा भाग महत्त्वाचा वाटतो. शिक्षक शिकून तयार झालेला असावा, त्याला पोटापुरता व सन्मानाचा पगार असावा, आणि शक्य तो शेतकरी वर्गातूनच तो पुढे यावा, म्हणजे मुलांत व गावात तो मोकळेपणाने मिसळेल, असा त्यांचा आग्रह होता. मोडी व बालबोध, हिशेब, इतिहास-भूगोल यांच्या जोडीला शेतीचे व आरोग्याचे प्राथमिक ज्ञान द्यावे, असेही त्यांनी सुचविले. शिक्षकाला किती येते एवढेच न विचारता तो कोणासाठी तयार केला आहे, हे विचारणारे ते पहिले.

स्त्रियांच्या बाबतीत तर हा प्रश्न अधिकच तीव्र होता. शिक्षिका नाही म्हणून मुली शाळेत येत नाहीत आणि मुली शिकत नाहीत म्हणून शिक्षिका मिळत नाही, असा तो फेरा. १८४८ साली पुण्यास भिडेवाड्यात मुलींची शाळा निघाली. तो फेरा सावित्रीबाईंनी तोडला, पण त्यासाठी त्यांनीही अहमदनगरच्या मिस फरार व पुण्याच्या मिचेलबाई यांच्याकडे शिक्षिकेचे शिक्षण घेतल्याचे त्यांचे चरित्रकार सांगतात. सरकारला जाग यावयास मेरी कार्पेंटरबाईंची खटपट कारणी लागली, आणि १८७० साली पुण्यास स्त्रियांचे ट्रेनिंग कॉलेज निघाले. पुढे १९०९ साली स्थापन झालेल्या सेवासदनाने रमाबाई रानड्यांच्या नेतृत्वाखाली या कामाला मोठा हात दिला.

परंतु पुणे कोठे आणि खानदेशातील खेडे कोठे! पुण्याचे कॉलेज निघाल्यावर दहा वर्षांनी, १८८० साली, जळगावजवळ आसोद्यास एक मुलगी जन्मास आली. तिला शाळेचे तोंड पाहावयास मिळाले नाही. ती शेतात राबली, जात्यावर बसली आणि ओव्या रचीत गेली. तिची रचना आज आपणापर्यंत आली ती तिचे चिरंजीव सोपानदेव आणि आप्त यांनी ती टिपून घेतली म्हणून. बहिणाबाई चौधरी यांचे नाव आपण अभिमानाने घेतो आणि अक्षरओळख नसताना केवढी प्रतिभा, असे म्हणतो. मला त्याबरोबर दुसरा विचार सुचतो. ज्यांच्या घरी टिपून घेणारा सोपानदेव नव्हता, अशा किती जणींचे बोल त्यांच्याबरोबर गेले असतील? शाळा नसण्याची किंमत कोणत्याही सरकारी खात्यात लिहिलेली नसते. ती अशा ठिकाणी मोजावी लागते.

१८८४ च्या कायद्यांनी प्राथमिक शाळा लोकल बोर्डे व म्युनिसिपालिट्या यांच्याकडे येऊ लागल्या. १९०६ साली खानदेशाचे पूर्व व पश्चिम असे दोन जिल्हे झाले. सक्तीच्या शिक्षणाचे गोखल्यांचे बिल १९१२ साली फेटाळले गेले. पण सयाजीरावांनी १९०६ साली बडोदे संस्थानात आणि शाहू महाराजांनी १९१७ साली कोल्हापुरात ती गोष्ट करून दाखविली. विठ्ठलभाई पटेलांच्या खटपटीने १९१८ साली मुंबई इलाख्यातील म्युनिसिपालिट्यांना सक्ती करण्याचा अधिकार मिळाला. त्यामागून १९२३ चा व १९४७ चा प्राथमिक शिक्षणाचा कायदा आला. शाळा वाढल्या. मात्र शिक्षक कोठून आणावयाचे? व्हर्नाक्युलर फायनल झालेला मुलगा बिनट्रेनिंगचा नेमावयाचा आणि सवडीने त्याला ट्रेनिंगला पाठवावयाचा, हा परिपाठ पडला. सवड पुष्कळांच्या बाबतीत फार उशिरा आली.

फुल्यांनी १८८२ साली मागितले होते, ते करून दाखविले कर्मवीर भाऊराव पाटलांनी. १९१९ साली त्यांनी रयत शिक्षण संस्था काढली आणि १९३५ साली साताऱ्यास ग्रामीण शिक्षकांसाठी ट्रेनिंग कॉलेज सुरू केले. खेड्यातील मुलगा घ्यावा, त्याला तयार करावा आणि खेड्यातच शिकविण्यास पाठवावा. मागणी आणि पूर्तता यांत त्रेपन्न वर्षे गेली, आणि पूर्तता केली ती सरकारने नव्हे.

याच काळात 'गुरुजी' हा शब्द खानदेशात नव्या अर्थाने रुजला. १९२४ साली आपल्या शेजारच्या अमळनेरास प्रताप हायस्कुलात पांडुरंग सदाशिव साने हे तरुण शिक्षक लागले. ते तेथे सहाच वर्षे होते. छात्रालयातील मुलांच्या खोल्या त्यांनी झाडल्या, कपडे धुतले, त्यांच्यासाठी हाताने लिहून 'छात्रालय दैनिक' काढले, पुढे 'विद्यार्थी' मासिक चालविले. आणि १९३० साली सत्याग्रहासाठी नोकरी सोडली. मास्तर म्हणजे सरकारचा माणूस. गुरुजी म्हणजे आपला माणूस. हा फरक लोकांना त्या सहा वर्षांनी दाखविला. परंतु येथे एक धोका आहे. साने गुरुजींचे नाव घेऊन आपण प्रत्येक शिक्षकाकडे त्यागाची मागणी करतो आणि त्याच्या तयारीची व पगाराची जबाबदारी आपल्या अंगावरून झटकतो. साने गुरुजी अपवाद होते. सार्वजनिक शाळा अपवादांवर चालविता येत नाही. ती साध्या, प्रामाणिक आणि नीट तयार केलेल्या हजारो माणसांवर चालते.

नीट तयार म्हणजे कशासाठी तयार? याचे आपल्या घरातले उदाहरण घ्या. एरंडोलच्या पंचक्रोशीतील कित्येक मुले घरी अहिराणी बोलतात. 'माझा' या अर्थी 'मना' म्हणतात, मुलीला 'आंडेर' म्हणतात. ग्रियर्सनने आपल्या भाषापाहणीत खानदेशीला मराठीबरोबर न ठेवता भिल्ली बोलींच्या शेजारी बसविले. २०११ च्या जनगणनेत अठरा लाखांहून अधिक लोकांनी ती आपली भाषा म्हणून सांगितली. कँडीच्या पुस्तकांतून तयार झालेला मास्तर पहिलीच्या वर्गात येई, मुलाच्या तोंडून 'मना' ऐके आणि म्हणे, 'चूक!' त्या मुलाने आयुष्यातला पहिला धडा शिकला तो हा की, आपली आई चुकीचे बोलते. पुष्कळ मुले यामुळे गप्प झाली, आणि गप्प झालेले मूल पुढे पटावरूनही जाते. यात मास्तराचा दोष थोडा आहे. मुलाच्या बोलीवरून पुस्तकी भाषेकडे कसे न्यावे, हे त्याला कोणी शिकविलेच नव्हते. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याने शक्य तेथवर मातृभाषेतून शिकवावे, असे म्हटले आहे. कायद्याचे ते वाक्य वर्गात उतरते की नाही, हे शिक्षकाच्या तयारीवरच अवलंबून आहे.

स्वातंत्र्यानंतरची हकीकत आपल्या डोळ्यांसमोरची आहे. अध्यापन मंदिरे निघाली, पी. टी. सी. झालेले गुरुजी गावोगाव गेले, आणि १९६२ साली जिल्हा परिषदा आल्यावर प्राथमिक शाळा त्यांच्याकडे आल्या. वाडीवस्तीवर शाळा पोहोचली, हे त्या पिढीचे मोठे काम आहे; ते कोणी लहान मानू नये. त्यानंतर पी. टी. सी.ची जागा डी. एड्. ने घेतली. एके काळी या प्रवेशासाठी रांगा लागत आणि खासगी विद्यालयांचे पेव फुटले होते. पुढे भरती मंदावली आणि विद्यार्थी न मिळाल्यामुळे त्यांतील कितीतरी बंद पडली. २००० साली महाराष्ट्राने 'शिक्षणसेवक' योजना आणली: नव्या शिक्षकाने पहिली तीन वर्षे पगाराऐवजी मानधनावर काम करावयाचे. प्राथमिक शिक्षणसेवकाचे मानधन वर्षानुवर्षे महिना सहा हजार रुपये होते. २०२३ साली ते सोळा हजार झाले. पंतोजी, मास्तर, गुरुजी ही नावे लोकांनी दिली होती. हे चौथे नाव सरकारने दिले, आणि त्यात सेवेपेक्षा काटकसर अधिक होती.

दुसऱ्या बाजूने अपेक्षा मात्र चढत गेल्या. शिक्षणहक्क कायदा १ एप्रिल २०१० पासून अमलात आला, २०१३ पासून शिक्षक पात्रता परीक्षा सुरू झाली, आणि २०२० च्या राष्ट्रीय धोरणाने २०३० पर्यंत चार वर्षांची एकात्म बी. एड्. ही शिक्षकाची किमान पात्रता ठरविण्याचे उद्दिष्ट ठेवले. उद्दिष्ट चांगले आहे. परीक्षेने नालायक माणूस वगळता येतो, हेही खरे. पण परीक्षा शिक्षक घडवीत नाही. ती फक्त घडलेला ओळखते, आणि तोही नेहमीच ओळखते असे नाही.

बंधुभगिनींनो, व्याख्यान ऐकून घरी जाताना आपण शहरवासी म्हणून काय करावे, असा प्रश्न कोणी विचारील. बहुतेकांची मुले-नातवंडे आता जिल्हा परिषदेच्या किंवा नगरपालिकेच्या शाळेत नसतील. तरीही ती शाळा आपली आहे, कारण ती आपल्या पणजोबांच्या साऱ्यातील आण्यावर उभी राहिली. शाळेत गेलो की आपण विचारतो, खोल्या किती, संगणक किती, पट किती. यापुढे आणखी तीन प्रश्न विचारावेत. येथल्या शिक्षकाला शेवटचे खरे शिक्षण केव्हा मिळाले? त्याला या मुलांची बोली समजते काय? आणि जनगणना, निवडणूक, आपत्ती यांखेरीज इतर कामाला त्याला लावू नये असे कायदा सांगतो, त्याप्रमाणे त्याला वर्गात राहू दिले जाते काय?

या प्रश्नांची उत्तरे कोणाला छापील अहवालात सापडणार नाहीत. त्यासाठी वर्गात जाऊन बसावे लागेल. एरंडोलने एके काळी चांगला कागद केला. शाळा मात्र नुसती कागदावर राहू नये, एवढी काळजी या गावाने घ्यावी, अशी विनंती करून मी आपली रजा घेतो.